हऱ्या, माझा आवाज येतोय का?

हऱ्या, तुझ्या बाराव्याला सगळ्यात जास्त कोण रडलं, सांगू? तळासरीचा रूपजी. कुसुमवहिनींच्या डोळ्यांतलं पाणी रडून रडून आटलं होतं, तुझा भाऊ पंगतीत अडकला होता, आणि हा जीपवाला तुझ्या फोटोपुढे मांडी घालून असे हुंदके देत होता, की आलेला प्रत्येक माणूस आधी त्याचीच पाठ थोपटत होता. बायका विचारत होत्या, "हा कोण गो?" कुणीतरी म्हणालं, "हरेश्वरचा जिवाभावाचा दोस्त." जिवाभावाचा! आणि बालवाडीत तुझ्या मांडीला मांडी लावून बसलेला हा दिन्या मागे खुर्च्या उचलत होता. मला कुणी पाणीसुद्धा विचारलं नाही.

मेलेल्या माणसावर रुसू नये म्हणतात. मी रुसलो होतो. कारण तुलाही माहीत आहे, किंवा नाही. तुझ्या छातीत दुखत होतं, तू जिना चढल्यासारखा धापा टाकत होतास, आणि "डॉक्टरला दाखव" म्हणून मी तुझ्या कानीकपाळी ओरडत होतो. तू हूं की चूं केलं नाहीस. रूपजीने सांगितलं आणि दुसऱ्या दिवशी त्याच्या जीपमध्ये बसून गेलास. जन्माची दोस्ती एका बाजूला, एका पावसाळ्याची ओळख दुसऱ्या बाजूला, आणि पारडं तिकडे झुकलं. मी तुझा कोण होतो मग? हे मला तुला विचारायचं होतं. त्याआधीच तू जाळी शिवता शिवता बंदरावर कलंडलास. मोठ्या तपासणीची तारीख मिळाली होती, ती उजाडलीच नाही.

आणि गंमत बघ, तुझ्या कानात त्या रूपजीला बसवला कुणी? मीच.

जूनमध्ये मासेमारीला बंदी लागली, बोटी वर ओढल्या आणि तू डहाणू रोडला माझ्या दुकानात येऊन बसलास. मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात बसणाऱ्याला दोन तासांत कंटाळा येतो, तुला दहा मिनिटांत आला. "पोरं तो बंदुकांचा खेळ खेळतात ना, चौघं मिळून, बोलत बोलत, तो मला घालून दे," म्हणालास. तांडेल माणूस, दहा जणांची बोट हाकणारा, आणि हौस बघा! मी म्हटलं, घाल. तुझ्या फोनात घातला, माझ्याही घातला. विमानातून बेटावर उडी मारायची, हत्यारं गोळा करायची, दुसऱ्या टोळ्यांना मारायचं. दुपारी दुकानात तसंही काळं कुत्रं येत नाही. तू गावात, वरोरला, घराच्या ओटीवर, मी काउंटरमागे.

पहिल्या दिवशी तुझा आवाजच येईना. फोन करून तुला तासभर झापला. शेवटी कळलं, की माइक वापरू का म्हणून फोनने विचारलं तेव्हा तू "नाही" दाबलं होतंस. "अरे, पण का?" तर म्हणतोस, "कोण विचारतंय तेच माहीत नाय, त्याला हो कसं म्हणू?" ते उघडून दिलं, तर माझाच आवाज तुझ्या स्पीकरमधून तुझ्या माइकमध्ये शिरून मला परत ऐकू यायला लागला. काउंटरमधला इयरफोन काढून तुला दिला. बिनवायरचा नको, त्यात आवाज उशिरा पोचतो, गोळी आधी लागते. मग माइक सताड उघडा, म्हणजे वरोरचं सगळं अंगण माझ्या कानात! कोंबड्या, सुक्या मासळीवर बसलेले कावळे, "अहो, गॅसवाला आलाय" म्हणून हाक मारणाऱ्या वहिनी. शेवटी बटण दाबून बोलायचं तसं लावून दिलं. बोलताना दाबायचं, झालं की सोडायचं. तेव्हा तुझा चेहरा उजळला असणार, कारण ते तुझ्या बोटीवरच्या वायरलेससारखं होतं.

आणि मग सुरू झाला तुझा वायरलेस. "हरेश्वर बोलतोय, दिन्या, ऐकतोयस का? ओव्हर." समोरून माणूस गोळ्या झाडतोय आणि हा ओव्हर म्हणतोय! वर खोटं बोलायची तुमची ती दर्यावरची खोड. वायरलेसवर सगळ्या बोटी ऐकतात, म्हणून मासा कुठे लागला ते खरं सांगायचं नाही. एखाद्या घरात बंदुका, औषधं, काय काय भरलेलं असायचं आणि तू सांगायचास, "इथे काय नाय. सगळं कोरडं." मी बिचारा दुसरीकडे जाऊन मरायचो. "अरे, इथे फक्त आपली माणसं ऐकतायत," मी ओरडायचो. तू म्हणायचास, "कशावरून?"

आता हे कबूल करताना माझे दात आंबतात, पण तुझं बरोबर होतं. तुझ्या फोनात "फक्त टीम" ऐवजी "सगळे" असं राहिलं होतं. जवळपासचा शत्रूसुद्धा तुझं ऐकत होता. ते बदलायचं मी उद्यावर टाकलं, आणि त्याच दुपारी तू एका भिंतीआड बसून "कोरडं, कोरडं" करत असताना पलीकडून आवाज आला, "कोण, डहाणूकडचा हाय का?" तुझ्या टाळक्यावर बंदूक धरून उभा होता तो. त्याने गोळी घातली नाही. "मी तळासरीचा," म्हणाला. तू म्हणालास, "मग ये की आमच्यात." एवढंच. मी सेटिंग एक दिवस आधी बदललं असतं तर तो तुला मारून पुढे गेला असता आणि विषय मिटला असता.

आयत्या बिळावर नागोबा! सेटिंग माझं, इयरफोन माझा, दोस्त माझा, आणि महिन्याभरात "तांडेल, तांडेल" करत तो तुझ्या घरी जेवायला. मला सुका बोंबील यायचा, दरवर्षीसारखा, वर्तमानपत्रात गुंडाळून. त्याच्याकडून तुझ्याकडे शेवळं यायची, पावसाळ्यातली रानभाजी. ती वहिनींनी कशी केली, काकडाची आंबट फळं घालून त्यांची खाज कशी घालवली, हे तू मला खेळता खेळता सांगायचास. मी काय विचारलं होतं तुला? नाही ना? तू त्याच्या पाड्यावर जाऊन आलास. त्याची आई तुझ्याशी काय बोलली, कोंबडा कसा कापला, सगळं ऐकवलंस. माझ्या घरी तू शेवटचा कधी जेवलास, आठवतं? मला आठवत नाही.

मी असा नव्हतो रे. तुझ्या बाबतीतच होतो. लहानपणी मला बोट लागायची हे सगळ्या वरोरला ठाऊक. बाप मला ओढून न्यायचा आणि मी बंदर दिसेनासं व्हायच्या आत आतडी बाहेर काढायचो. सगळे हसायचे. तू माझ्या बापासमोर उभा राहिलास, मिसरूड नव्हतं फुटलं तुला तेव्हा, आणि म्हणालास, "काका, याला दर्यावर नेऊ नका, याचे हात बारीक कामाचे हायत." बापाने तुझ्या कानाखाली वाजवली. पण पुढच्या वर्षी मला डहाणूला रेडिओ दुरुस्तीवाल्याकडे पाठवलं. माझं दुकान म्हणजे तुझी ती खाल्लेली थप्पड. पहिला नारळही तूच फोडलास. हे मी तुझ्या तोंडावर कधी बोललो नाही. असं बोलायचं असतं हेच आपल्याला कुणी शिकवलं नाही.

आणि मग एक दिवस तू माझ्याशी बोलणं बंद केलंस.

मी म्हणायचो, "हऱ्या, डावीकडे ये, पुलाखाली." तू गप्प. जरा वेळाने रूपजी म्हणायचा, "तांडेल, डावीकडे या, पुलाखाली." आणि तू पळत जायचास! मी म्हणायचो, "हऱ्या, माझ्याकडे औषध आहे." तू ढिम्म. रूपजी म्हणायचा, "तांडेल, दिनेशभाऊंकडे औषध हाय." की तू हजर. मेला पोपट, माझंच बोलणं चोरून तुझ्यापुढे शहाणा होतोय असं मला वाटायचं. मी माझा इयरफोन बदलला. माइक उघडून साफ केला. सिमकार्ड बदललं. रूपजीला विचारलं, "माझा आवाज येतो का?" "घंटीसारखा येतो, भाऊ." म्हणजे फोन ठणठणीत. मग उरलं काय? तूच. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी, पण तेव्हा कुठे कळत होतं?

त्याच दिवसांत तुझी धाप माझ्या कानात यायची. बटण दाबलंस की आधी श्वास, मग शब्द. एकदा म्हणालास, "छातीवर कुणी पाटा ठेवल्यासारखं होतंय." मी किंचाळलो, गिऱ्हाईक दचकून बघायला लागलं. "उद्याच्या उद्या डॉक्टरकडे गेला नाहीस तर माझ्या दुकानाची पायरी चढू नको!" तुझ्याकडून काही नाही. मग रूपजीचा आवाज, शांत, "तांडेल, उद्या डॉक्टरकडे चला. मी जीप घेऊन येतो." आणि तू, "बरं बाबा, येतो." मी खेळ तिथेच बंद केला.

डॉक्टरकडून परत जाताना तू दुकानात आलास. रूपजी बाहेर जीपमध्ये. बोंबलाची पुडी काउंटरवर ठेवलीस, शेजारी तुझा फोन उताणा टाकलास, स्टूल ओढलंस. मी एका गिऱ्हाइकाच्या फोनात मान घालून.

"काय, बरं हाय ना?"

"आहे."

"धंदा?"

"आहे."

चहा आला. तू बशीत ओतून प्यायलास. मी वाट बघत होतो, आता सांगेल, डॉक्टर काय म्हणाला ते. किंवा आता विचारेल, तोंड का फुगलंय ते. तू बराच वेळ माझ्याकडे बघितलंस. मग उठलास, माझ्या खांद्यावर हात ठेवलास आणि म्हणालास, "तुझं झालं की बोल." आणि फोन उचलून गेलास. "तुझं झालं की बोल"! माझं काय व्हायचं होतं? बोलत नव्हतास तू, आणि वर मलाच सांगून गेलास. त्या रागात मी बोंबलाची पुडी सोडलीसुद्धा नाही.

तू गेलास हे मला रूपजीने कळवलं. वहिनींनी तुझ्या फोनातला शेवटचा नंबर लावला, तो त्याचा होता.

बाराव्याला वहिनींनी तुझा फोन माझ्या हातात दिला. "भाऊजी, यातले यांचे फोटो काढून द्या, तुम्हालाच जमेल." दुकानात आणून उघडला. फोटो काढले. जाळ्याचे, बोटीचे, एक माझा, दुकानात वाकून काम करतानाचा, तू कधी काढलास कोण जाणे. मग राहवेना, खेळ उघडला. आपल्या तिघांची नावं एकाखाली एक. रूपजीच्या नावापुढे छोटा पांढरा स्पीकर. माझ्या नावापुढे तोच स्पीकर लाल, आणि त्यावर तिरकी रेघ.

तू मला बंद केलं होतंस, हऱ्या. या खेळात एकदा बंद केलं की माणूस बंदच राहतो, कायमचा, परत उघडेपर्यंत. मी बडबडत होतो आणि तुझ्या कानात माझा एक शब्द पडत नव्हता.

मुद्दाम केलंस? माझी किरकिर नको झाली होती? की तुझ्या त्या दोरखंडाने सोललेल्या, फुगलेल्या अंगठ्याचा धक्का लागला? तो स्पीकर तांदळाच्या दाण्याएवढा आहे. तुझ्या अंगठ्याखाली अशी चार बटणं मावतात. फोनात कुठलं बटण दाबलंय ते मी सांगू शकतो. ते कुठल्या मनाने दाबलंय ते कोण सांगणार?

ज्याला विचारायची अजिबात इच्छा नव्हती त्यालाच बोलावलं. रूपजी जीप रस्त्याकडेला लावून आला, पायरीखाली चपला काढल्या. दुकानात कोण चपला काढतं रे? मी फोन त्याच्यापुढे धरला.

"त्याने मला बंद केलं होतं."

त्याने बघितलं. समजायला वेळ लागला. मग स्टूल ओढून बसला. "म्हंजे त्यांना ऐकूच येत नवतं? भाऊ, मला वाटलं तुमचं भांडण हाय."

"कसलं भांडण?"

"मी एकदा त्यांच्या घरी जेवताना म्हटलं त्यांना, भाऊ काय सांगतात ते ऐका की. तर म्हणाले, दिन्या गप्प हाय, त्याला गप्प राहू दे. गप्प बोटीला हाक मारत नाय. मला वाटलं, रागात बोलतात. दोन जुन्या माणसांचं काय तरी असल, मी कशाला मधे पडू? म्हणून तुमचं सांगणं मीच परत सांगायचो. निदान त्यांना गोळी लागू नये म्हणून."

"आणि डॉक्टरचं?"

"ते पण तुमचंच की. तुम्ही केवढ्याने ओरडला होता. मी तेच सांगितलं." मग म्हणाला, "पायरीचं सोडून."

मला हसू आलं आणि त्यातच रडू फुटलं. बाराव्याला आलं नव्हतं ते सगळं तिथे, सोल्डरिंगच्या टेबलावर डोकं टेकून. रूपजी पाठीवरून हात फिरवत होता. झालं, मलापण त्यानेच सांभाळलं.

जरा सावरल्यावर विचारलं, "ते गप्प बोटीचं काय?"

तो गोंधळला. "तुम्ही वरोरचे ना, भाऊ?" मग त्याने मला समजावलं. तळासरीच्या जीपवाल्याने वरोरच्या माणसाला दर्याचा रिवाज समजावला, काय दिवस आले बघ! दर्यावर एखादी बोट वायरलेसवर बोलायची थांबली तर समजायचं, तिचं जाळं भरतंय. तिला हाक मारली तर ती कुठे आहे ते सगळ्यांना कळतं. म्हणून जवळचा माणूस तिला हाक मारत नाही, कितीही दिवस. तिचं झालं की ती आपली आपण बोलते. "तांडेलांनी मला पहिल्याच आठवड्यात शिकवलं होतं," रूपजी म्हणाला.

बघ, परत जळलो. त्याला शिकवलंस आणि मला नाही! तो जाईपर्यंत जळत होतो. मग चहाचे ग्लास उचलताना डोक्यात आलं, की मला शिकवायचं तुझ्या मनातच आलं नसणार. बोटीवर ओकणारा, दर्या सोडून डहाणूला आलेला, तरी तू मला वरोरचाच धरून चालला होतास. घरच्या माणसाला कोण रिवाज सांगत बसतं? तू स्टुलावर बसून चहा पीत होतास तेव्हा माझ्या गप्प बोटीजवळ आपली बोट आणून उभा होतास, हाक न मारता. आणि मला वाटत होतं तू मला सोडलंस.

म्हणून रूपजीचा राग गेला असं मात्र समजू नको. माझं बोलणं तू ऐकलंस, जीपमध्येही माझ्याच बोलण्याने बसलास, हे कळून जीव थंड झाला. पण ते तुझ्या कानात गेलं त्याच्या गळ्यातून. माझा ओरडा, त्याचा गोड आवाज. माझ्याकडून तुला शेवटचं काय ऐकू आलं, तर "आहे. आहे." तेवढंच. हे मला आयुष्यभर सलणार, आणि त्याचं तोंड बघितलं की जास्त सलणार. तो चांगला माणूस आहे, हेही सलतंच.

तो गेल्यावर मी शटर अर्धं ओढलं. दोन फोन जवळ ठेवले की आवाज एकमेकांत शिरून शिट्टी मारतात, हे मी रोज गिऱ्हाइकांना सांगतो. म्हणून तुझा फोन मागच्या खोलीत नेला, जुन्या चार्जरच्या खोक्यावर ठेवला, त्याचा माइक बंद केला, स्पीकर मोठा केला. माझ्या नावावरची तिरकी रेघ काढली. एकदाच दाबायचं होतं. पुढे काउंटरवर येऊन माझ्या फोनातलं बटण दाबलं, आणि तोंडातून तुझंच आलं. "दिन्या बोलतोय. हऱ्या, ऐकतोयस का? ओव्हर."

मागच्या खोलीतून, जरासा उशिरा, माझा आवाज तुझ्या फोनातून आला. स्वच्छ. घंटीसारखा.

मग मी ते बटण दाबूनच धरलं. थप्पडीचं सांगितलं. दुकानाचं सांगितलं. बोंबलाची पुडी सोडली, भाजून खाल्ला, खारट होता, तेही सांगितलं. आणि अजून बरंच. बाहेर कुणीतरी शटर वाजवलं, मी उघडलं नाही.

फोन उद्या वहिनींना नेऊन देईन. काय बोललो ते रूपजीला सांगितलेलं नाही आणि सांगणार नाही. तो विचारेल, गोड बोलून विचारेल, तरी नाही. तुझं बाकी सगळं त्याच्याबरोबर वाटून घ्यावं लागलं मला. एवढं माझ्या आवाजात गेलंय, हऱ्या, मध्ये कुणी नव्हतं.